भट्टीचा पंचनामा

"काका, तुमचं भूत परत आलंय बघा," नाझरबाई म्हणाल्या आणि एक जाडजूड फाइल त्यांनी टेबलावरून पुढे सरकवली.

बेलिफकाका खिडकीपाशी वाकून पँटच्या पायाला सायकलची क्लिप लावत होते. चार दिवसांनी ते निवृत्त होणार होते. समन्स, नोटिसा, जप्तीची वॉरंटं घरोघरी पोचवण्यात त्यांची एकतीस वर्षं आणि तीन सायकली संपल्या होत्या. नाझरबाई त्यांच्या साहेब खऱ्या, पण वयानं त्यांच्या मुलीएवढ्या.

"कुठलं भूत?"

"बेकरीचं. ते कणीक मळायचं यंत्र. वॉरंट नव्यानं निघालंय, दुरुस्त नंबरासकट. सोळा वर्षांनी! मी नोकरीला लागायच्या आधीचं भिजत घोंगडं आहे हो हे."

काका क्लिप तशीच अर्धवट सोडून खुर्चीत बसले.

"तुम्ही कशाला दगदग करता आता?" नाझरबाई म्हणाल्या. "मी नव्या बेलिफाला देते. तुम्ही चार दिवस चहा प्या, गप्पा मारा, निरोपाच्या भाषणात काय बोलायचं ते ठरवा."

"नको. हे माझं आहे."

"तुमचं कसं? कोर्टाचं आहे ते."

काकांनी क्लिप नीट लावली. फाइल काखोटीला मारली आणि निघाले. मागून बाईंनी नेहमीची चेष्टा केलीच, "सूर्यास्ताच्या आत या हो!" जप्तीसाठी कुणाच्या घरात शिरायचं तर सूर्यास्ताच्या आत, हा नियम काका इतका काटेकोर पाळत की कचेरीत त्यांना सूर्यास्तकाका म्हणत. एकदा तर दाराच्या उंबऱ्यावर उभं राहून त्यांनी घड्याळ पाहिलं होतं आणि "चार मिनिटं झाली, उद्या येतो" म्हणून देणेकऱ्याला नमस्कार करून परत आले होते. देणेकरी त्याच रात्री सामान घेऊन पसार झाला. काका म्हणाले, झाला तर झाला, नियम तो नियम.

तर असा हा नियमाचा माणूस. आणि त्याच्या हातून एकतीस वर्षांत एकच चूक झाली, ती नेमकी या फाइलीत.

ती बेकरी काकांना काही परकी नव्हती. लग्न झाल्यावर ते त्याच रस्त्याला राहायला गेले तेव्हा बेकरीत नवी भट्टी नुकतीच सुरू झाली होती. पहाटे सगळ्या गल्लीला पावाचा वास सुटायचा. अलार्मच्या घड्याळाची गरज नसे, वास आला की काकू काकांना ढोसायच्या, "उठा, पहिला घाणा निघाला." काका बनियनवरच पिशवी घेऊन जात. काकूंना पावाचा कडेचा तुकडा लागे, खरपूस, जिथं भट्टीची भिंत लागते तो. तो मुलीनं आधी पळवला की मायलेकींची भांडणं. काका म्हणायचे, "अगं, दोन पाव आणू का उद्या?" तर काकू म्हणायच्या, "दोन आणले तर भांडायला काय उरलं?" असा तो काळ. काकूंना जाऊन आता सहा वर्षं झाली. मुलगी परगावी असते. काका ती गल्ली सोडून दुसरीकडे राहतात आणि सकाळी बिस्किटं खातात.

ती भट्टी बांधणारा मिस्त्री मात्र त्यांना माहीत नव्हता. तो त्यांना वॉरंटावर भेटला.

झालं होतं असं. मिस्त्रीनं पाच महिने खपून भट्टी बांधली. बेकरीवाल्यानं निम्मे पैसे दिले आणि उरलेल्यांसाठी आज-उद्या करत राहिला. मिस्त्री कोर्टात गेला, तेव्हा बेकरीवाल्यानं आपल्या उत्तरात लिहून दिलं की भट्टी सदोष आहे, धूर मागे टाकते, म्हणून पैसे देणं लागत नाही. सहा वर्षांनी निकाल मिस्त्रीच्या बाजूनं लागला. पण तो का, तर करारावर मालकाची सही होती म्हणून. भट्टी चांगली की वाईट, या वादात शिरायचं कोर्टाला कारण वाटत नाही, असं न्यायाधीशांनी स्वच्छ लिहिलं. म्हणजे पैसे द्या म्हणाले, पण भट्टीवरचा डाग तसाच राहिला. बेकरीवाल्यांचा धंदा तो केवढासा, सगळे एकमेकांना ओळखणारे. 'त्या मिस्त्रीची भट्टी धूर मागे टाकते' हे सहा वर्षांत सगळीकडे पसरलं. त्यानंतर त्याला एकही भट्टी बांधायला मिळाली नाही. कुंपणाच्या भिंती, न्हाणीघराचे कट्टे, पाण्याच्या टाक्या, यांवर त्यानं उरलेला जन्म काढला.

निकालानंतरही मालक पैसे देईना, तेव्हा कोर्टानं कणीक मळायचं यंत्र जप्त करायचा हुकूम काढला आणि तो बजावायला आले बेलिफकाका. त्याच सकाळी त्याच दुकानातून पाव घेऊन गेलेले. गिऱ्हाइकं काउंटरशी उभी, त्यांत दोन शेजारणी. मालक हाताची घडी घालून म्हणाला, "वा! सकाळी पाव, दुपारी जप्ती." काकांना मेल्याहून मेल्यासारखं झालं. जप्तीत वस्तू दाखवायचं काम दावा जिंकणाऱ्याचं. म्हणून मिस्त्री बरोबर होता. यंत्रावर जागोजाग वाळलेल्या कणकेचे थर. मिस्त्रीनं वाकून पाहिलं, एका पत्र्याच्या पट्टीवर बोट ठेवलं आणि म्हणाला, "साहेब, हा बघा नंबर." काकांनी भराभरा उतरवून घेतला आणि काढता पाय घेतला. यंत्र मोठं, कोर्टाच्या खोलीत मावणारं नव्हतं, म्हणून मालकाच्याच ताब्यात ठेवलं.

तो नंबर यंत्राचा नव्हता. मोटारीचा होता. यंत्राची पट्टी चार बोटं खाली, कणकेच्या थराखाली होती. दोन महिन्यांनी ती मोटार जळाली, मालकानं दुसरी बसवली आणि मालकाच्या वकिलानं कोर्टात हसत विचारलं, जप्त केलेली वस्तू दाखवा की. पंचनाम्यातल्या नंबराची वस्तूच जगात उरली नव्हती!

मग काय, हरकत, स्थगिती, अपील. कचेरीनं इमारत बदलली त्यात फाइल अडीच वर्षं सापडली नाही. न्यायाधीश बदलले. मालक वारला, त्याच्या वारसांना कागदावर आणण्यात तीन वर्षं गेली. सोळा वर्षं मिस्त्री प्रत्येक तारखेला येत राहिला, धुतलेला सदरा घालून, दहाच्या ठोक्याला. काका कागद पोचवून परत आले की दोघं व्हरांड्यात शेजारी बसत. मिस्त्री पैशाचं कधी बोलत नसे. भट्टीचं बोले. घुमटाची वीट घासून कशी बसवायची, धुराड्याचा गळा किती अरुंद ठेवायचा. "घुमटात शिरून बसलो होतो मी, साहेब. आतून शेवटची वीट लावली आणि तोंडातून सरपटत बाहेर आलो. बायको म्हणाली, परत जन्माला आलात."

काका हसत आणि मनातल्या मनात मरत. नखानं थोडी कणीक खरवडली असती तर? एवढंच करायचं होतं. फाइलीत 'लेखनातील चूक' असे दोन शब्द होते. ते मिस्त्रीला वाचता येत नव्हते आणि ती चूक कुणाची, हे काकांनी सांगितलं नव्हतं.

आज ते सायकलीवरून थेट मिस्त्रीच्या घरी गेले. सुनेनं दार उघडलं.

"काका तुम्ही? तारीख तर पुढच्या महिन्यात आहे ना?"

"तारीख नाही गं, वॉरंट आलंय. मिस्त्रींना यावं लागेल. वस्तू दाखवायला."

आतून काठीचा आवाज आला. मिस्त्री आता अठ्ठ्याहत्तरचा होता, गुडघे गेलेले, एका डोळ्यानं दिसायचं नाही. पण शब्द बरोबर कानात शिरले होते.

"आत जायला मिळणार?" त्यानं विचारलं.

"मिळणार. कोर्टाचा हुकूम आहे."

"सूनबाई, माझा सदरा दे. धुतलेला."

"अहो मामंजी, जेवून तरी जा. ताट वाढलंय."

"सोळा वर्षं उपाशी आहे, अजून दोन तासांनी काय होतंय?" म्हातारा म्हणाला आणि तिलाच हसू आलं. तिनं डब्यात पोळीभाजी भरून काकांच्या हातात दिली आणि हळूच म्हणाली, "काका, यंत्राचं काय यायचं ते येऊ दे. पण भट्टी बघायला द्या त्यांना. कोर्ट कोर्ट जे करतात ना, ते त्यासाठी. त्या जप्तीनंतर बेकरीवाल्यानं हाकललं, तेव्हापासून त्या दारात उभं राहू दिलं नाही कुणी."

काकांनी मान डोलावली. सोळा वर्षं शेजारी बसून त्यांना हे कळलं नव्हतं असं नाही. पण इतकं सरळ कुणी बोललं नव्हतं.

सायकल तिथंच ठेवून दोघं रिक्षानं बेकरीवर गेले. दुकानाची पाटी उतरवलेली, शटरला गंज. बाजूच्या दारातून मालकाची बायको बाहेर आली. पांढरे केस, हातात झाडू. काकांना तिनं लगेच ओळखलं.

"भावजी, तुम्ही! किती वर्षांनी. तुमच्या हिला कडेचा तुकडा लागायचा ना? मी बाजूला काढून ठेवायची."

काकांना हे माहीत नव्हतं. क्षणभर त्यांना वॉरंट खिशातून काढवेना. मग त्यांनी ते काढलं आणि वाचून दाखवलं, कारण वाचून दाखवावं लागतं.

"न्या बाई, न्या," ती म्हणाली. "आठ वर्षं बंदच पडलंय ते. नाहीतरी महिनाअखेरीला इमारत सोडायचीय मला. सगळं पाडणार आहेत. मी जाते लेकीकडे." मग तिचं लक्ष काठी टेकून उभ्या असलेल्या म्हाताऱ्याकडे गेलं. "हे...?"

"मिस्त्री," काका म्हणाले.

ती बाजूला झाली. "या," एवढंच म्हणाली.

काकांनी पंच म्हणून समोरच्या दुकानातल्या चष्मेवाल्याला आणि रिक्षावाल्याला बोलावून घेतलं. यंत्र कोपऱ्यात उभं होतं, पोत्यांनी झाकलेलं. पोती काढली. लोखंड गंजून तांबडं झालेलं, आतल्या भांड्यात उंदरांनी घर केलेलं. भंगाराच्या भावानं जाईल, हे आंधळ्यालाही कळलं असतं. काका गुडघ्यांवर बसले. खिशातून चाकू काढला आणि पट्टीवरचा थर खरवडायला लागले. दगडासारखी झालेली सोळा वर्षांपूर्वीची कणीक. खाली आकडे दिसले. त्यांनी ते मोठ्यानं वाचले. वॉरंटाशी ताडून पाहिले. पुन्हा वाचले.

आणि मग तसेच खाली बसून राहिले.

"मिस्त्री, एक सांगायचंय. फार आधी सांगायला हवं होतं."

"बोला की."

"त्या दिवशी मी नीट पाहिलं असतं तर हे सगळं तेव्हाच संपलं असतं. मला लाज वाटत होती, लोक बघत होते, मी घाई केली. चूक माझी. तुमची सोळा वर्षं मी खाल्ली."

चष्मेवाला छताकडे बघायला लागला. मग म्हातारा काठीच्या आधारानं कसाबसा खाली, काकांच्या शेजारी बसला.

"येडे का खुळे तुम्ही, साहेब?" तो म्हणाला. "बोट कुणी दाखवलं? मी. मला अक्षर येत नाही, पण हे सांगायची लाज वाटली. चकचकीत पट्टी दिसली, म्हटलं हाच नंबर असणार, ठेवलं बोट. वकिलानं नंतर सांगितलं, नंबर चुकला. घरी कुणाला बोललो नाही. बायको मरेपर्यंत कोर्टाला शिव्या घालत होती, मी गप्प. तुम्ही व्हरांड्यात शेजारी बसायचात, मला वाटायचं, बिचाऱ्याला माझ्यामुळं बोलणी बसली असतील आणि तरी बसतो."

"मला वाटायचं तुम्हाला कळलं तर तुम्ही उठून जाल."

"मलाही तेच वाटायचं!"

दोघे म्हातारे एकमेकांकडे बघत राहिले. आधी मिस्त्रीला हसू फुटलं, मग काकांना. आणि हसता हसता काकांचे डोळे कधी भरून आले ते त्यांनाच कळलं नाही. रिक्षावाल्यानं दोघांना हात देऊन उभं केलं.

आता राहिलं सील. यंत्राला दोरी बांधून गाठीवर लाख ओतायची आणि कोर्टाचा शिक्का उठवायचा. काकांनी लाखेची कांडी काढली, काड्यापेटी काढली, मेणबत्तीसाठी पिशवी चाचपू लागले.

"साहेब," मिस्त्री म्हणाला, "लाख वितळवायला विस्तव लागतो ना?"

"लागतो."

"मग तिथं करा की." त्यानं काठी वर केली.

पलीकडच्या खोलीत भट्टी होती. मिस्त्री तिच्यापाशी गेला आणि तिच्या तोंडावर त्यानं हात ठेवला, मग पूर्ण तळवा फिरवला, मग बोटांच्या पेरांनी एकेक सांधा चाचपला. एका डोळ्यानं जे दिसत नव्हतं ते हातांनी बघत होता. काका मागे उभे राहिले. वॉरंटात भट्टीचा उल्लेख नव्हता. भट्टी पेटवायची परवानगी तर कुठल्याच नियमात नव्हती. काकांनी मालकिणीकडे पाहिलं.

"पेटवा भावजी," ती म्हणाली. "ह्यांनी ते धुराचं जे लिहून दिलं ना, ते खोटं होतं. मैदा उधारीवर येत होता तेव्हा, पैसे कुठून द्यायचे? वकील म्हणाला, असं लिहा. ह्यांनी लिहिलं. त्या भट्टीनं आमची दोन मुलं वाढवली. आणि ज्यानं बांधली त्याला आम्ही..." ती वळली आणि मोडक्या खोक्याच्या फळ्या घेऊन आली.

"एकदम नाही पेटवायची," मिस्त्रीनं सगळ्यांना मागे सारलं. त्याचा आवाजच बदलला होता, कामावरच्या माणसाचा झाला होता. "आठ वर्षं थंड आहे. आधी धुराड्याला जाग आणायची." त्यानं मालकिणीकडे जुनं वर्तमानपत्र मागितलं, त्याचा बोळा केला, धुराड्याच्या गळ्याशी असलेली छोटी झडप नेमकी हातानं शोधून उघडली आणि बोळा आत धरून पेटवला. काजळी हातभर सांडली. बोळा जळून गेला. दुसरा लावला. तिसऱ्याला आत कुठं तरी हुंकार दिल्यासारखा आवाज झाला. मग त्यानं फळ्यांचे तुकडे भट्टीत रचले आणि काडी लावली.

धूर उठला. भट्टीच्या तोंडापर्यंत आला, तिथं घुटमळला. चष्मेवाला खोकायच्या तयारीत तोंडाला रुमाल लावून उभा होता. मिस्त्री हलला नाही. आणि मग तो सगळा धूर जणू कुणी आतून हाक मारावी तसा वळला, घुमटाला लागून मागे गेला आणि वर निघून गेला. खोलीत धुराची एक रेघही आली नाही. विटा लालसर उजळल्या. मालकीण पदराचं टोक तोंडाशी धरून रडत होती. रिक्षावाला अंगणात पळाला आणि तिथून ओरडला, "सरळ चाललाय हो! काठीसारखा सरळ!"

मिस्त्री म्हणाला, "चाललाय ना? जाऊ दे."

काकांनी त्या विस्तवावर लाख धरली, गाठीवर ओतली आणि शिक्का उठवला. मग पोत्यावर बसून पंचनामा लिहायला घेतला. यंत्राचं वर्णन, नंबर, स्थिती, सील. नियमाप्रमाणे इथं संपायला हवं होतं. काकांनी पेन उचललं, थांबले आणि पुढे लिहिलं, "भट्टी आम्हा पंचांसमक्ष पेटवून पाहिली. धूर मागे येत नाही. एकही वीट हललेली नाही. बेकरीच्या मालकिणीनं समक्ष सांगितलं की धूर पूर्वीही कधी मागे आला नव्हता."

"काय लिहिलंत?" मिस्त्रीनं विचारलं.

काकांनी वाचून दाखवलं.

"पुन्हा वाचा."

काकांनी पुन्हा वाचलं, सावकाश, एकेक शब्द. नाझरबाई विचारतील हे कशाला लिहिलंत, न्यायाधीश बोलतील, चार दिवसांनी निवृत्त होणाऱ्या माणसाच्या कागदावर शेरा पडेल. पडू दे, काकांना वाटलं. मालकिणीनं सही केली, पंचांनी केली. काका मिस्त्रीसाठी शाईचं पॅड शोधायला पिशवीत वाकले.

ते वर बघतात तो मिस्त्रीनं आपला काजळीनं भरलेला अंगठा त्या ओळीच्या खाली टेकवलाही होता. तो नीट दाबून धरला होता. काकांनी पॅड परत पिशवीत टाकलं आणि ठसा पुसला जाऊ नये म्हणून कागद घडी न घालता हातातच धरून ठेवला.